कोल्हापूर प्रकरणाची नोंद वाचताना

नमस्कार श्रोतेहो.

अब्रुनुकसानीच्या खटल्यावरची विश्वकोशातली नोंद कितपत चांगली आहे, हे पारखायचं कसं? आज त्याबद्दल बोलणार आहे, आणि त्यासाठी घेतोय १८८२ सालचं कोल्हापूर प्रकरण. मुद्दाम हाच खटला घेतला, कारण यातले आरोपी आहेत टिळक आणि आगरकर. दोघांवर आपलं प्रेम आहे, आणि जिथं आपलं प्रेम असतं तिथंच नोंद लिहिणाऱ्याचा हात हलका होतो.

हकिकत थोडक्यात सांगतो. ‘केसरी’ आणि ‘मराठा’ ही दोन्ही वृत्तपत्रं १८८१च्या जानेवारीत निघाली. त्याच वर्षी कोल्हापूरच्या तरुण छत्रपतींचा, म्हणजे चौथ्या शिवाजी महाराजांचा, छळ होतो आहे अशी बोलवा पुण्यात पसरली. महाराज वेडे आहेत असं सरकारदरबारी म्हटलं जात होतं. ते वेडे नाहीत, त्यांना तसं ठरवलं जातंय, असं लोक म्हणत होते. बोट होतं कारभारी रावबहादूर माधवराव बर्वे यांच्याकडे. या दोन्ही वृत्तपत्रांनी बर्व्यांवर कडक लिहिलं, त्यांच्या नावावरची पत्रंही छापली. बर्व्यांनी फिर्याद केली. ती पत्रं बनावट निघाली. संपादकांनी माफी मागितली, तरी फिर्याद मागे घेतली गेली नाही. जुलै १८८२मध्ये मुंबईत दोघांना चार महिन्यांची साधी कैद झाली आणि त्यांची रवानगी डोंगरीच्या तुरुंगात झाली.

आता या प्रकरणावरची नोंद समोर आली, तर मी सगळ्यात आधी बघतो की बनावट पत्रांची गोष्ट त्यात कुठे आहे. पुष्कळ ठिकाणी ती एखाद्या अर्ध्या वाक्यात उरकलेली असते, किंवा नसतेच. ‘संस्थानिकाची बाजू घेतली म्हणून इंग्रजांनी तुरुंगात टाकलं’ एवढंच राहतं. हे वाचणाऱ्या विद्यार्थ्याला वाटतं, हा राजद्रोहाचाच खटला. राजद्रोहाचे खटले पुढचे, १८९७ आणि १९०८चे. १८८२चा खटला एका माणसाने आपल्या अब्रूसाठी भरलेला होता. तेव्हाच्या भारतीय दंडसंहितेच्या ४९९व्या, म्हणजे अब्रुनुकसानीच्या, कलमाला दहा अपवाद होते. त्यातला पहिलाच सांगत होता की आरोप खरा असला आणि तो जाहीर करणं लोकहिताचं असलं, तर तो गुन्हा नाही. लोकहिताची तळमळ टिळक-आगरकरांजवळ होती, याबद्दल मला शंका नाही. पण पत्रंच बनावट ठरल्यावर पहिल्या अटीचा आधार गेला. नोंदीने हे सरळ सांगावं. त्याने टिळक-आगरकर लहान होत नाहीत. वृत्तपत्र काढून पुरती दोन वर्षंही झालेली नव्हती, दोघेही पंचविशीच्या आसपासचे होते, आणि शिक्षा झाल्यावर त्यांनी ती भोगली.

यानंतरचा प्रश्न जास्त नाजूक आहे. पत्रं बनावट निघाली म्हणजे छळच झाला नाही, असं सिद्ध होतं का? होत नाही. ते दोन वेगळे प्रश्न आहेत. पुढे २५ डिसेंबर १८८३ रोजी अहमदनगरच्या किल्ल्यात महाराजांचा मृत्यू झाला, ग्रीन नावाच्या गोऱ्या शिपायाशी झालेल्या झटापटीत. ही घटना ऐकून आजही मन विषण्ण होतं. म्हणून काही लिहिणारे लगेच निष्कर्ष काढतात की केसरीचं म्हणणं खरं ठरलं. पण हा मृत्यू निकालानंतर वर्षाहून अधिक काळाने झाला. त्यावरून १८८१ साली बर्व्यांनी काय केलं किंवा काय केलं नाही, हे ठरत नाही. चांगली नोंद मृत्यूची हकिकत देते, तारीख देते आणि तिथे थांबते.

आकड्यांकडेही बघा. एका ठिकाणी ‘चार महिने’ असतं, दुसऱ्या ठिकाणी ‘१०१ दिवस’. वाचणारा गोंधळतो. दोन्ही बरोबर आहेत. शिक्षा चार महिन्यांची सुनावली होती, सूट मिळून सुटका झाली १०१ दिवसांनी, २६ ऑक्टोबरला. एवढं एक वाक्य नोंदीत असलं तर कोणी दुरुस्तीच्या नावाखाली बरोबर आकडा खोडणार नाही.

आणि आधार कोणाचे दिले आहेत? डोंगरीतल्या १०१ दिवसांवर आगरकरांनी स्वतः पुस्तक लिहिलं. ते फार मोलाचं आहे. तुरुंगातलं अन्न, कोठडीतली दाटी आणि दोघा मित्रांच्या रात्र रात्र चाललेल्या चर्चा आपल्याला कळतात त्या तिथूनच. पण ते आरोपीचं लेखन आहे. केसरीचे जुने अंकही आरोपीचेच. नोंदीतले सगळे आधार याच दोन ठिकाणचे असतील, तर ती कितीही रसाळ असो, मी तिला अपुरी म्हणेन. निकालपत्र हवं, त्या काळच्या इतर वृत्तपत्रांमधले वृत्तान्त हवेत.

जामिनाची गोष्ट घ्या. महात्मा फुल्यांच्या सांगण्यावरून रामशेठ उरवणे यांनी १०,००० रुपयांचा जामीन दिला, असं सांगतात. फुले आणि टिळक यांच्यातले पुढच्या काळातले मतभेद ठाऊक असणाऱ्याला हा प्रसंग फार वेगळा वाटेल, आणि म्हणूनच तो नोंदीत हवा. पण तो कुणी, कधी, कुठे लिहून ठेवला, तेही त्याच ओळीत हवं. नाहीतर पुढचा संपादक ‘दंतकथा’ म्हणून तो काढून टाकेल, आणि त्याला दोष देता येणार नाही.

राहता राहिले बर्वे. नोंदीत ते येतात ते फक्त फिर्यादी म्हणून, निकाल लागला की दिसेनासे होतात. हे कोण होते, कोल्हापुरात कारभारी म्हणून त्यांनी काय केलं, महाराजांच्या प्रकृतीबद्दल त्यांनी वर काय कळवलं? ज्याची अब्रू गेली असं न्यायालयाने मानलं, त्याच्याबद्दल चार ओळीही नसतील तर ती नोंद खटल्याची नाही, आरोपींच्या चरित्रातलं एक प्रकरण आहे. कोल्हापूरच्या पुराभिलेखागारात संस्थानी काळाचे दफ्तर जपून ठेवलेलं आहे. मोडी वाचता येणाऱ्या एखाद्या तरुण अभ्यासकाने त्या सालांचे रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे, सोडून बसावं आणि जे सापडेल ते, बर्व्यांच्या बाजूचं असो की विरोधातलं, नोंदीत घालावं, अशी माझी मनापासूनची विनंती आहे.

नमस्कार.