माझी चूक बोर्डावर लागते

(आपल्या मंडळाच्या दिवाळी मेळाव्यातलं भाषण, थोडं संपादित करून)

नमस्कार मंडळी.

अध्यक्षांना मी विषय दिला होता, ‘परदेशातली आपली मुलं आणि वाचन’. तीन पानं लिहून तयार होती. ती आज घरीच ठेवून आले. गेल्या शनिवारपासून माझ्या डोक्यात दुसराच विषय घोळतोय, आणि डोक्यात एक असताना तोंडानं दुसरं बोलणं मला जमणार नाही.

आमचा थोरला तेरा वर्षांचा. इथे पोलंडमध्ये, आपल्या वुच शहरातच एका लहानशा क्लबात फुटबॉल खेळतो. गोली आहे, म्हणजे गोलरक्षक. शनिवारी सामना संपायला दोन मिनिटं राहिली होती, एक-एक अशी बरोबरी होती. लांबून एक साधा सरपटी चेंडू आला. बसून उचलायचा चेंडू. तो त्याच्या हातातून निसटला आणि दोन पायांच्या मधून आत गेला. मैदान ओलं होतं, बोटं गारठली होती, सगळं खरं. पण चेंडू त्याचाच होता.

येताना गाडीत कुणी बोललं नाही. घरी आल्यावर मात्र भांडण झालं. हे म्हणाले, “पुरे झालं आता. पुढच्या वर्षी आठवीची परीक्षा आहे. आणि खेळायचंच असेल तर पुढे खेळ, एखादा गोल तरी मारशील.” मी मध्ये पडले. म्हटलं, “अरे, चुका सगळ्यांच्याच होतात.” तो बेसिनपाशी हातमोजे धूत उभा होता. ते पिळायचे नसतात, तळव्यानं दाबून दाबून पाणी काढायचं असतं. काळं पाणी वाहत होतं. मान वर न करता तो म्हणाला, “आई, माझी चूक बोर्डावर लागते. तुमची कुठे लागते?”

मला उत्तर देता आलं नाही. आजही येत नाही.

सोमवारी मी क्लबात गेले ते त्याचं नाव काढून घ्यायला. गोलींना शिकवणारे गृहस्थ सत्तरीचे आहेत. माझं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, “म्विनार्चिक माहीत आहे?” मला माहीत नव्हता. अकरा वर्षं मी या गावात राहते. विदझेव क्लबच्या स्टेडियमवरून माझी ट्राम जाते. तरी माहीत नव्हता. त्यांनी बाकावर बसवून घेतलं आणि सांगायला लागले. मग आठवडाभर मीही शोधून शोधून वाचलं.

युझेफ म्विनार्चिक, पोलंडचा गोली. आडनावाचा अर्थ गिरणीवाल्याच्या हाताखालचा पोऱ्या. जन्म १९५३ चा, पश्चिमेकडच्या नोवा सुल नावाच्या लहान गावातला. तिथून बिएल्स्को-ब्यावा, मग ओपोले, आणि १९८० साली आपल्या वुचमध्ये, विदझेवला. विदझेव म्हणजे कामगारांचा क्लब, कापडगिरण्यांच्या वस्तीतला. आपल्यातल्या इचलकरंजीकरांना आणि लालबाग-परळच्या मंडळींना ती वस्ती कशी असते हे मी सांगायला नको. त्या वर्षी या गिरणगावच्या संघानं आधी मँचेस्टर युनायटेडला आणि मग युव्हेंटसला युरोपातल्या क्लबांच्या युएफा चषकातून घरी पाठवलं. युव्हेंटसचा निकाल पेनल्टींवर लागला. गोलमध्ये हाच होता.

त्याला महिनाही झाला नव्हता, तेवढ्यात ते घडलं. २९ नोव्हेंबर १९८०. राष्ट्रीय संघ वॉर्सॉहून इटलीला निघायचा होता, पुढे माल्टाशी विश्वचषकाचा पात्रता सामना होता. म्विनार्चिकनं आदली रात्र बाहेर काढली आणि पहाटे हॉटेलवर आला तो पिऊन. प्रशिक्षक कुलेशा म्हणाले, हा येणार नाही. बोनिएक, झ्मुदा आणि तेर्लेत्स्की हे संघातले तिघे त्याच्या बाजूनं उभे राहिले. तेर्लेत्स्कीनं तर त्याला आपल्या गाडीत घालून ओकेंचे विमानतळावर नेलं. तिथे पत्रकार, कॅमेरे, सगळ्यांसमोर तमाशा. शेवटी त्याला विमानात बसू दिलं, पण पुढे इटलीहून चौघांनाही परत पाठवलं. बोनिएक आणि तेर्लेत्स्कीला वर्षाची बंदी, झ्मुदा आणि म्विनार्चिकला आठ महिन्यांची. कुलेशांनीही पद सोडलं. इथे आपल्या ऑफिसातल्या एखाद्या साठीच्या माणसासमोर नुसतं ‘ओकेंचे’ म्हणून बघा, तो तुम्हाला सगळं सांगेल.

मी त्याची बाजू घेत नाही. पिऊन आला तो आलाच. माझ्या मुलाच्या हातून एक चेंडू सुटला, त्याच्या हातून अख्खी रात्र सुटली, आणि ती सगळ्या देशाच्या बोर्डावर लागली.

पण पुढे काय झालं ते ऐका. नवे प्रशिक्षक आले प्येखनिचेक. ओपोलेत हा त्यांच्या हाताखाली खेळला होता, ते त्याला ओळखून होते. बंदी संपली आणि त्यांनी त्याला परत गोलमध्ये उभं केलं. १९८२ चा स्पेनमधला विश्वचषक, देशात लष्करी कायदा लागू असतानाचा. पोलंडच्या सातही सामन्यांत हाच. चार सामन्यांत एकही गोल नाही, त्यातला एक इटलीविरुद्धचा. पुढे उपांत्य फेरीत त्याच इटलीच्या रोस्सीनं दोन घातले, तेवढं सोडा. फ्रान्सला तीन-दोननं हरवून पोलंड जगात तिसरा आला. दुसऱ्या वर्षी विदझेवनं लिव्हरपूलला युरोपियन चषकातून बाहेर काढलं. वुचमधल्या पहिल्या गोलच्या वेळी लिव्हरपूलचा गोली ग्रोबेलार, तोही मोठा माणूस, त्याच्याकडून हातातला चेंडू निसटला होता. आमच्या गुरुजींनी हे सांगताना स्वतःचे दोन्ही हात पुढे करून दाखवले, चेंडू कसा निसटतो ते. चेंडू सुटला तो समोरच्या माणसाच्या हातून. या गावाचा त्यात फायदाच झाला होता, आणि तरीही त्यांच्या आवाजात मला ग्रोबेलारबद्दल मायाच ऐकू आली. गोलींची जात एक असते, म्हणाले.

आता मला माझ्या काकांबद्दल बोलायचं आहे.

कोल्हापूरची मंडळी हसायला लागली, कारण कोल्हापूर म्हटलं की आता शाहू स्टेडियम येणार. हो, येणार. पेठेतून हलगी वाजवत जाणारी पोरं, भिंतीवर चढून बघणारी माणसं, हरलो तर त्या रात्री घरात पेटत नसलेली चूल. काका आमच्या तालमीच्या संघाचे गोली होते. मी आठ-नऊ वर्षांची असेन. एका अंतिम सामन्यात उंच आलेला चेंडू त्यांच्या मुठीला लागून मागे गोलमध्ये गेला. संघ हरला. दुसऱ्या दिवशी पानाच्या दुकानावर कुणी त्यांच्याशी बोललं नाही, तिसऱ्या दिवशीही नाही. काकांनी हातमोजे माळ्यावर टाकले, ते कायमचे. आमच्या घरातही कुणी म्हटलं नाही, “जा, परत उभा राहा.” आजी म्हणाली, “बरं झालं, आता कामाकडे लक्ष देईल.” काकांनी पुढे लेथवर काम केलं, चांगलं केलं. पण त्यांना आम्ही फुटबॉल बघताना पुन्हा पाहिलं नाही.

शनिवारी घरात जे वाक्य बोललं गेलं, तेच ते वाक्य. तीच आजी, तेच आम्ही, फक्त सहा हजार किलोमीटर इकडे.

आपल्या लोकांवर माझा थोडा राग आहे, आणि तो आज बोलून दाखवते. आपण मेळाव्याच्या दर भाषणात वळिवड्याची छावणी काढतो. १९४३ ते ४८, कोल्हापूरजवळ पाच हजारांच्या आसपास पोलिश माणसं, बहुतेक बायका आणि मुलं. आपण त्यांना आसरा दिला, हे खरं आहे आणि त्याचा अभिमान मलाही आहे, मी तिथलीच आहे. पण या लोकांच्या देशात आपण दहा-दहा वर्षं राहतो, त्यांच्या मुलांबरोबर आपली मुलं खेळतात, आणि यांचा एक गोली आपल्याला माहीत नसतो. आपल्याला माहीत असतात ते गोल मारणारे. मुलांच्या सामन्यालासुद्धा आपण मधल्या रेषेवर उभे राहतो, आणि गोल झाला की मोबाइल वर करतो. गेल्या दोन वर्षांत माझ्या फोनमध्ये त्याच्या संघातल्या दुसऱ्या पोरांचे व्हिडिओ आहेत. माझ्या मुलाचा एकही नाही.

पुन्हा म्विनार्चिककडे येते. पुढे तो फ्रान्समध्ये बास्तियाला गेला, आणि तिथून पोर्तुगालला, पोर्तोकडे. २७ मे १९८७, व्हिएन्ना, युरोपियन चषकाचा अंतिम सामना, समोर बायर्न म्युनिक. पहिला गोल यानंच खाल्ला. पाऊण तासाहून जास्त वेळ पोर्तो मागे होता. मग माजेरनं टाचेनं मारलेला तो गोल, दोन-तीन मिनिटांत जुआरीचा दुसरा, आणि चषक पोर्तोचा. त्या सामन्याचं नाव काढलं की सगळ्यांना ती टाच आठवते. मागे तेहतीस वर्षांचा एक माणूस पहिला गोल खाऊनही जागेवर उभा होता, तो कुणाच्या लक्षात राहत नाही. डिसेंबरात टोकियोत बर्फ पडत असताना उरुग्वेच्या पेन्यारोलला हरवून जगातला सर्वोत्तम क्लब ठरला तोही पोर्तोच, गोलमध्ये तेव्हाही हाच.

१९८९ ला त्यानं खेळणं थांबवलं आणि पोर्तोतच गोलींचा प्रशिक्षक झाला. त्याच्या जागी आलेला पोरगा होता एकोणीस-वीस वर्षांचा, व्हितोर बाइया. आपली जागा घेणाऱ्या पोराच्या हातात रोज चेंडू मारून द्यायचे, हे त्याचं काम झालं.

हे काम काय असतं ते मला आत्ता आत्ता कळलं. सोमवारी नाव न काढता मी तिथेच थांबले आणि सराव पाहिला. बाकीचा संघ दिव्याखाली मोठ्या मैदानात, आणि चार गोली कोपऱ्यात, अर्ध्या अंधारात. गुरुजी चेंडू मारत राहतात. उजवीकडे खाली, डावीकडे खाली, छातीवर, डोक्यावरून. प्रत्येक चेंडूनंतर एकच शब्द, “येश्चे रास.” पुन्हा एकदा. मुलानं पकडला तरी येश्चे रास, सुटला तरी येश्चे रास, आवाज तोच. दोन्ही अंगठे जवळ आणि बोटं उघडी, अशी हातांची ठेवण ते स्वतःच्या हातांनी धरून बसवतात. त्यांना मुलांच्या तोंडाकडे बघताना मी पाहिलं नाही, ते पायांकडे बघतात. चूक हातात दिसते, पण होते पायांत, एक पाऊल उशिरा पडल्यामुळे, असं त्यांनी मला सांगितलं. माझ्या मुलाचं शनिवारी तेच झालं होतं. त्यांनी त्याला तो चेंडू चाळीसेक वेळा मारला, अगदी तसाच, सरपटी. रागावले नाहीत आणि समजूतही घातली नाही.

म्विनार्चिक पुढे पोलंडच्या राष्ट्रीय संघातही गोलींचा प्रशिक्षक झाला, येझी एंगेल मुख्य प्रशिक्षक असताना. २००२ चा विश्वचषक. १० जून, कोरियातलं जोंजू, पोलंड विरुद्ध पोर्तुगाल. पोलंडच्या गोलमध्ये दुदेक, ज्याला हा आत्ता शिकवत होता. समोरच्या गोलमध्ये बाइया, ज्याला यानं पोर्तोत शिकवलं होतं. मैदानाची दोन्ही टोकं याचीच, आणि हा बाकावर. पाउलेतानं तीन घातले, रुई कोस्तानं एक. चार-शून्य. पोलंड स्पर्धेबाहेर. एका पोराच्या बोर्डावर चार, दुसऱ्याच्या शून्य. त्या माणसानं त्या संध्याकाळी कुणाकडे पाहिलं असेल, हा विचार गेले तीन दिवस माझ्या मनातून जात नाही. पोर्तोनं युरोपचा तो मोठा चषक आजवर दोनदा जिंकलाय, १९८७ आणि २००४. पहिल्यात गोली हा होता. दुसऱ्यात बाइया.

एक प्येखनिचेक नसता तर यातलं काहीच झालं नसतं, असं मला वाटतं. आठ महिन्यांनंतर कुणीतरी म्हणायला हवं होतं, “ये, तुझी जागा तिथे आहे.” आपल्या घरांत असं कोण म्हणतं? मुलं एकदा मार्कांत घसरली, एकदा कुणाशी भांडून आली, एकदा स्टेजवर अडखळली, की आपण त्यांना दुसऱ्या वर्गाला घालतो. तबला सोडून कीबोर्ड, कीबोर्ड सोडून बुद्धिबळ. आपल्याच मंडळात दोन वर्षांपूर्वी नाटकात वाक्यं विसरलेली एक मुलगी होती. ती आज इथे नाही. तिला आपल्यापैकी कुणी पुन्हा बोलावलं? मीही नाही बोलावलं.

बुधवारी मी काकांना व्हिडिओ कॉल लावला आणि फोन मुलाच्या हातात दिला. वर्षांनुवर्षं फुटबॉलचं नाव न काढलेला माणूस. मुलानं मोडक्या-तोडक्या मराठीत सगळं सांगितलं, चेंडू कसा आला, पाऊल कसं उशिरा पडलं. काका म्हणाले, “हात दाखव.” त्यानं दोन्ही पंजे कॅमेऱ्यासमोर धरले, अंगठे जुळवून. काकांनी आपले वर केले. उजव्या हाताची करंगळी त्यांची बाहेर वळलेली आहे, कधीतरी चेंडू लागून मोडलेली. बराच वेळ स्क्रीनवर नुसते चार पंजे होते. मग मुलानं विचारलं, “आबा, तुम्ही परत का नाही उभं राहिलात?”

काका थोडा वेळ गप्प बसले, मग म्हणाले, “जेवलास का रे?” आणि फोन काकूकडे दिला.

उद्या पुन्हा सामना आहे. गुरुजींनी संघ अजून सांगितलेला नाही. यांनीही अजून हो म्हटलेलं नाही. हातमोजे धुऊन, वाळून हीटरजवळच्या खुर्चीवर ठेवलेत.