एकच बोट कळणारा पडदा

(दृश्य: जळगाव, गोलाणी मार्केट. दुरुस्तीच्या टेबलावर नोकिया ५२३३.)

३.२ इंचांचा पडदा, ६४० बाय ३६० पिक्सेल. २०१० च्या या फोनला नख चालतं, केळीच्या चिकाने काळं पडलेलं बोट चालतं, भुसावळच्या मे महिन्यातला घामही चालतो. तो ओळखतो फक्त दाब. वरचा लवचिक थर खालच्या थराला टेकला, की व्होल्टेज मोजून फोन जागा ठरवतो.

घोटाळा होतो दुसरं बोट टेकल्यावर.

(दृश्य: दोन्ही अंगठे पडद्याच्या दोन टोकांना.)

फोनला दोन अंगठे दिसतच नाहीत. दोघांच्या मध्ये कुठेतरी एकच बोट दिसतं. टॅक्टिकल शूटरमध्ये, म्हणजे डावपेचांनी खेळायच्या गोळीबाराच्या खेळात, तर एका हाताने चालायचं आणि दुसऱ्याने नेम धरायचा. इथे गोळी झाडायला गेलं, की शिपाई भलतीकडे वळून भिंतीला चिकटतो.

बटणांच्या फोनसाठी बनलेले जावा खेळ बहुधा २४० बाय ३२० चे. दीडपट केले की ३६० बाय ४८० होतात आणि खाली १६० पिक्सेल उरतात. तिथे फोन स्वतःचा कीपॅड काढतो. दिशांच्या बटणांवर चालणं, मधल्यावर गोळी. बोटाला बटणाचा उंचवटा लागत नाही, त्यामुळे नजर सारखी खाली जाते आणि तेवढ्यात समोरचा गोळी घालून मोकळा.

कीपॅड घालवता येतो. जावा खेळ ज्या जार फाइलमध्ये येतो, ती म्हणजे झिपच, अनेक फाइलींचं एक गाठोडं. ती उघडायची, मॅनिफेस्टमध्ये (खेळाची माहिती लिहिलेली आतली फाइल) 'नोकिया-मिडलेट-ऑन-स्क्रीन-कीपॅड' या नावाची ओळ घालून पुढे 'नो' लिहायचं (फाइलमध्ये अर्थात रोमन अक्षरांत) आणि शेवटी एंटर मारायचं. सोबत जॅड फाइल (जारची माहिती देणारी वेगळी छोटी फाइल) असेल, तर तिच्यातला जारच्या आकाराचा आकडाही बदलायचा, नाहीतर इन्स्टॉल अडतं. पण खेळालाच स्पर्श कळत नसेल, तर कीपॅड गेल्यावर उरतं नुसतं चित्र. बघत बसा!

म्हणून खरं काम खेळाच्या आतच, तो बनवतानाच करावं लागतं. अंगठ्याला साधारण ९ मिलिमीटरचं बटण लागतं, या पडद्यावर सुमारे ८० पिक्सेल. आडव्या धरलेल्या फोनच्या उंचीत अशी जेमतेम चार बसतात. मग पडद्यावर काढलेली चालवायची जॉयस्टिकच काढून टाकायची. जमिनीवर टिचकी मारली की शिपाई तिथे जाईल, शत्रूवर मारली की गोळी सुटेल. टिचकीपासून ४० पिक्सेलच्या आत जो शत्रू सर्वांत जवळ, त्यालाच निशाणा धरायचं, कारण अंगठ्याखाली तो दिसतच नाही. गोळी बोट टेकताक्षणी सुटली पाहिजे. उचलल्यावर सोडली तर उशीर लगेच जाणवतो.

जॉयस्टिक ठेवायचीच असेल, तर एक हिकमत आहे. पहिल्या बोटाची जागा लक्षात ठेवायची. फोन सांगतो त्या बिंदूने अचानक मोठी उडी मारली, तर दुसरं बोट आलं असं धरायचं आणि पहिल्यापासून मधल्या बिंदूपर्यंतचं अंतर तेवढंच पुढे मोजायचं, की दुसऱ्याची जागा मिळते. दोन्ही अंगठ्यांचा दाब सारखा नसला की हिशेब चुकतो, त्यामुळे नेमासाठी ती कुचकामी. 'गोळी झाड' एवढ्यापुरती चालते.

खेळातल्या दाराशी मात्र हा पडदा शोभून दिसतो. दारावर टिचकी मारली की खेळ थांबतो आणि तीन मोठी चित्रं येतात: डोकावा, धूरगोळा टाका, आत शिरा.

(दृश्य: नख 'डोकावा'वर टेकतं. फटीतून दिसतात दोन सावल्या, एक खिडकीशी, एक टेबलामागे.)