बॅटरीचा उजेड आणि अपिलाची फाईल

(दृश्य: कराडजवळ उसाचं रान, रात्र. पाटातून वाहणारं पाणी.)

सातारा-सांगलीकडे शेतीपंपाची लाईट पुष्कळदा रात्रीच येते. त्यामुळे उसाला पाणी पाजायला, दारं धरायला माणसं रात्री-अपरात्री रानात असतात. समजा, अशाच एका अमावस्येला बांधावरून भांडण पेटलं, कोयता चालला, एक जण जागीच गेला. पाहणारा एकटाच, मयताचा चुलतभाऊ. गोष्ट रचलेली आहे. पण सेशन कोर्टात चार वर्षं काढलेला कुठलाही वकील तिचा पुढचा भाग न अडखळता सांगेल.

(दृश्य: कोर्टाचा जिना, काळे कोट, चहाचे कप.)

चुलतभाऊ पिंजऱ्यात येतो. सरतपासात, म्हणजे सरकारी वकिलाच्या प्रश्नांना उत्तर देताना, सांगतो, ‘बॅटरीच्या उजेडात मी तोंड ओळखलं.’ उलटतपासात बचावाचा वकील पोलिसांपुढचा जबाब काढतो. त्यात बॅटरीचा उल्लेखच नाही.

‘हे पोलिसांना सांगितलं होतं?’

‘सांगितलं होतं. त्यांनी का लिहिलं नाही, कारण सांगता येणार नाही.’

हे उत्तर कोर्टात इतक्या वेळा येतं, की टायपिस्टची बोटं ते आपसूक उमटवत असतील. पुढे तपासी अंमलदाराची साक्ष होते. तो म्हणतो, साक्षीदार असं काही बोलला नव्हता. वकिलांच्या भाषेत ओमिशन, म्हणजे जबाबात गोष्ट राहून गेल्याचं, शाबीत झालं. मजा अशी, की त्या जबाबावर साक्षीदाराची सही नसते. कायदाच ती घेऊ देत नाही.

अर्थात जबाबात राहून गेलेली प्रत्येक गोष्ट विसंगती ठरत नाही. आरोपीच्या शर्टाचा रंग राहिला, तर कोर्ट सोडून देतं. अंधाऱ्या रात्री ओळखलं कशाच्या उजेडात, हेच राहिलं, तर घाव मुळावर बसतो. संशयाचा फायदा मिळून आरोपी निर्दोष सुटतो.

गाव म्हणतं, साक्षीदार फुटला. इथे तर तो एका शब्दानेही फिरलेला नाही. माझ्या मते अशा खटल्यांचा निकाल बराचसा जबाब लिहिला जातो त्या रात्रीच ठरतो, ठाण्यातल्या टेबलावर.

(दृश्य: मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचची इमारत, बाहेरून.)

आता अपील. सरकारला आधी उच्च न्यायालयाची परवानगी लागते. ३१ डिसेंबर २००९ पासून पीडिताच्या कुटुंबालाही स्वतः अपील करता येतं. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून सातारा आणि सांगलीची अपिलं कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे चालतात.

अंतर कमी झालं, पण न्यायमूर्तींसमोर येते ती फाईलच. चुलतभाऊ उत्तर देताना अडखळला का, वकिलाच्या नजरेला नजर देऊन बोलला का, हे सेशन जज्जांनी पाहिलं. कागदावर ते उमटत नाही. म्हणूनच १९३४ साली, शिव स्वरूप खटल्यात, प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे ब्रिटिश काळातल्या सर्वात वरच्या अपील न्यायालयाने, एकाच वेळी दोन गोष्टी सांगितल्या. सगळा पुरावा पुन्हा तपासायचा पूर्ण अधिकार अपील न्यायालयाला आहे. मात्र साक्षीदार प्रत्यक्ष पाहणाऱ्या न्यायाधीशाचं मत सहजासहजी उलटवू नये. २००७ च्या चंद्रप्पा निकालात सर्वोच्च न्यायालयाने तोच धागा पुढे नेला. पुराव्यातून दोन अर्थ निघत असतील आणि खालच्या कोर्टाने घेतलेला अर्थ शक्यतेतला असेल, तर निर्दोष मुक्तता कायम राहते.

मग अपिलात दम कधी असतो? ‘साक्षीदार भावकीतला, म्हणून खोटा’ एवढ्यावरच आरोपी सुटला असेल, तेव्हा. जवळचा नातेवाईक खरा मारेकरी सोडून भलत्यालाच गुंतवेल असं सहसा होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५३ मध्येच म्हटलंय. ‘एकच साक्षीदार’ ही सबबही तोकडी पडते. कायदा साक्षीदारांची संख्या ठरवत नाही. आणि १९७३ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका खून खटल्यात त्याच न्यायालयाने संशयाच्या फायद्याचं अवाजवी स्तोम माजवू नका, असं बजावलं होतं.

(दृश्य: लाल फितीत बांधलेली फाईल उघडते.)

आपल्या खटल्यात सरकारी वकील आधी घटनास्थळाचा पंचनामा शोधेल. बॅटरी त्याच रात्री बांधावर सापडून मुद्देमालात जमा झाली असेल, तर जबाबातल्या त्या ओमिशनची धार बोथट होते. सेशन जज्जांनी तो पंचनामा विचारातच घेतला नसेल, तर निकाल फिरूही शकतो. तसं होऊन आरोपीला जन्मठेप झालीच, तर सर्वोच्च न्यायालयात अपील करणं हा त्याचा हक्क आहे. त्याला कुणाची परवानगी लागत नाही.