दोघांचं कोर्ट : पार्क जू-बोंग

(दृश्य : बार्सिलोना, ऑगस्ट १९९२. पुरुष दुहेरीचा अंतिम सामना. सुरुवातीच्या रॅलीला फक्त मूळ आवाज.)

जाळीपाशी पार्क जू-बोंग, मागे किम मून-सू. पलीकडे इंडोनेशियाचे एडी हार्तोनो आणि रुडी गुनावान. बॅडमिंटनला ऑलिंपिकमध्ये पदकाचा खेळ म्हणून जागा मिळाली ती याच वर्षी. पुरुष दुहेरीचं पहिलंवहिलं सुवर्ण कोरियाच्या या जोडीनं नेलं, १५-११, १५-७.

गुणफलक राहू द्या, पार्क यांच्या पायांकडे बघा. जोडीदार मागच्या कोपऱ्यातून स्मॅशला उडी घेतो, तेव्हा पुढचा खेळाडू अर्धं पाऊल त्याच बाजूला सरकलेला असतो. मागे वळून तो बघत नाही. वळला तर परतणारं शटल त्याच्या खांद्यावरून निघून जाईल. जोडीदार कुठून मारणार, हे त्याला समोरच्या दोघांच्या नजरेवरून आणि त्यांच्या उभं राहण्यावरून कळतं. दुहेरीत हे शिकायला वर्षं लागतात आणि टीव्हीवर ते जवळजवळ दिसतच नाही, कारण कॅमेरा शटलच्या मागे असतो.

पार्क यांचा जन्म १९६४चा. वयाच्या विशीत, १९८५ साली कॅल्गरीच्या जागतिक स्पर्धेत त्यांनी पुरुष दुहेरी आणि मिश्र दुहेरी, दोन्ही सुवर्णं जिंकली. १९८९ला जाकार्तात मिश्र दुहेरी, १९९१ला कोपनहेगनमध्ये पुन्हा दोन्ही. ऑल इंग्लंड या जुन्या, मानाच्या स्पर्धेची नऊ विजेतेपदं आहेत, तीही सगळी दुहेरीचीच. १९८८च्या सोल ऑलिंपिकमध्ये बॅडमिंटन फक्त प्रदर्शनीय होतं. तिथली मिश्र दुहेरीही त्यांनी चुंग म्युंग-ही हिच्यासोबत जिंकली, पण पदकतालिकेत तिची नोंद नाही.

त्या काळचा गुणांचा हिशेबही समजून घ्यायला हवा. गुण मिळायचा तो फक्त सर्व्हिस करणाऱ्या जोडीला. रॅली तुम्ही जिंकलात आणि सर्व्हिस समोरच्याची असेल, तर गुण नाही, फक्त त्यांची एक सर्व्हिस गेली. दुहेरीत आधी एक जोडीदार सर्व्हिस करणार, तो हरला की दुसरा, आणि मग सर्व्हिस पलीकडे. त्यामुळे सर्व्हिस घेणाऱ्याला धोका पत्करायची मुभा होती. घाई केली आणि चुकली, तर समोरच्याला एकच गुण. साधली, तर त्याची सर्व्हिस गेली. कोरियाची सपाट, वेगवान, शटल वर न उचलणारी दुहेरी या नियमांत वाढली. २००६मध्ये २१ गुणांची रॅली पद्धत आली आणि प्रत्येक चुकीला गुण जाऊ लागला. पार्क खेळले जुन्या पद्धतीत आणि पुढे शिकवलं ते बहुतांशी नव्या पद्धतीत.

(दृश्य : अटलांटा, १९९६. मिश्र दुहेरीचा अंतिम सामना.)

बार्सिलोनानंतर निवृत्त झालेले पार्क पुन्हा कोर्टवर आले ते मिश्र दुहेरीसाठी. या प्रकाराला ऑलिंपिकमध्ये पदकाचा खेळ म्हणून प्रथमच प्रवेश मिळाला होता. जोडीदार रा क्युंग-मिन, त्यांच्याहून जवळपास बारा वर्षांनी लहान. अंतिम फेरीत समोर कोरियाचीच दुसरी जोडी होती, किम डाँग-मून आणि गिल यंग-आ. पहिला गेम पार्क यांनी घेतला, पुढचे दोन गेले. रौप्य.

(दृश्य : रिकामं कोर्ट, वरून.)

लांबी १३.४० मीटर. दुहेरीची रुंदी ६.१० मीटर. जाळीची उंची मध्यभागी १.५२४ मीटर. आता मागची आडवी रेघ बघा, शेवटच्या रेघेच्या ७६ सेंटिमीटर आत. दुहेरीत सर्व्हिस या रेघेच्या पलीकडे पडली तर बाद. म्हणजे एकेरीपेक्षा चौकट रुंद आणि आखूड. उंच सर्व्हिस मागे ढकलायला जागाच उरत नाही, म्हणून बहुतेक खेळ सुरू होतो तो जाळीला चाटून जाणाऱ्या छोट्या सर्व्हिसनं.

(दृश्य : सर्व्हिस करणारा हात, अगदी जवळून. हळू गतीत.)

अंगठा आणि तर्जनी यांच्यात पिसाचं टोक. रॅकेट बॅकहँड पकडीत, मूठ वर सरकलेली. मागे झोका जवळपास नाहीच, नुसती ढकलणी. शटल सर्वांत उंच कुठे जातं, यावर सगळं आहे. आपल्या बाजूला, जाळीच्या अलीकडे ते उंचीला पोचलं, तर जाळी ओलांडताना ते खाली जात असतं. घेणाऱ्याला ते वरच उचलावं लागतं. हेच शिखर जाळीच्या पलीकडे गेलं, तर समोरचा एक पाऊल पुढे टाकून ते सरळ अंगावर आपटतो. फरक दहा-पंधरा सेंटिमीटरचा. दमलेल्या खेळाडूचं मनगट नेमकं इथेच कडक होतं. २०१८पासून शटलवर आघात होताना ते जमिनीपासून १.१५ मीटरच्या खाली असावं लागतं. त्याआधी मोजमाप सर्वांत खालच्या बरगडीचं होतं, म्हणजे उंच खेळाडूला थोडी सवलत आणि पंचाला कायमची डोकेदुखी.

सर्व्हिस झाली की करणारा पुढे, जोडीदार मागे. ही हल्ल्याची रचना. शटल वर उचलावं लागलं की दोघं शेजारी शेजारी. हा बचाव. या दोन रचनांमधली अदलाबदल हीच दुहेरी. एकेरी उत्तम खेळणारे दोघं एकत्र उभे केले की दुहेरी होते, हा समज अजून अनेक ठिकाणी टिकून आहे. ती तशी होत नाही.

(दृश्य : जपान. कारखान्याच्या आवारातला बंदिस्त हॉल, भिंतीवर कंपनीचा फलक.)

खेळाडू म्हणून थांबल्यावर पार्क इंग्लंडमध्ये शिकवायला गेले, मग मलेशियात. २००४च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये जपानच्या हाती काहीच लागलं नाही आणि त्याच वर्षाच्या अखेरीस जपाननं त्यांच्याकडे राष्ट्रीय संघ सोपवला. तिथे ते वीस वर्षं राहिले. जपानी शिकले, त्याच भाषेत शिकवू लागले.

जपानी बॅडमिंटन चालतं ते कंपन्यांच्या जिवावर. खेळाडू कंपनीच्या नोकरीत, सराव कंपनीच्या हॉलमध्ये, प्रशिक्षकही कंपनीचाच. एनटीटी, निहोन युनिसिस (२०२२पासून नाव बिप्रोजी), तोनामी ट्रान्सपोर्टेशन अशा कंपन्यांचे संघ एकमेकांविरुद्ध लीग खेळतात आणि वर्षाचा हिशेब त्या लीगवर होतो. साहजिकच जोड्याही बहुतेक एकाच कंपनीतल्या. यात चांगलं हे, की दोघांना रोज एकमेकांसोबत तास मिळतात. अडचण अशी, की समोर रोज तेच चार चेहरे. देशातली दुसरी उत्तम जोडी दुसऱ्या शहरात, दुसऱ्या कंपनीत. तिच्याशी गाठ पडणार ती थेट स्पर्धेत. राष्ट्रीय प्रशिक्षकाला खेळाडू मिळायचे ते परदेश दौऱ्याच्या आगेमागे, थोडक्या दिवसांसाठी. बाहेर पहिल्या-दुसऱ्या फेरीत हरलं तरी कोणाचं काही अडत नव्हतं.

पार्क यांनी मागितला वेळ. कंपन्यांनी आपले खेळाडू लांब मुदतीच्या राष्ट्रीय शिबिरांना सोडावेत, एवढीच मागणी. जो पगार देतो त्याच्याकडून त्याचा माणूस मागायचा, तोही परदेशी प्रशिक्षकानं. हळूहळू कंपन्या तयार झाल्या. २००८मध्ये टोकियोच्या किता वॉर्डात राष्ट्रीय प्रशिक्षण केंद्र उभं राहिलं आणि राहणं, जेवण, कोर्ट, वजनं, उपचार एका आवारात आले. पदकांच्या बातम्यांत या वाटाघाटींना ओळभरही जागा मिळत नाही. खरं काम मात्र तिथेच झालं.

(दृश्य : सराव. डाव्या हातावर शटलची चळत.)

आता सराव बघू. चळतीतलं एकेक शटल काढून प्रशिक्षक रॅकेटनं पलीकडे मारतोय. याला मल्टी-शटल म्हणतात. सोपं दिसतं, पण देणाऱ्याचा हात कच्चा असेल तर सगळा सराव वाया. एका लयीत शटल दिली की खेळाडू शटल न बघता लय पाठ करतो. म्हणून दोन भराभर, तिसरं थांबून, चौथं अंगावर. मोडक्या पिसांची शटल स्मॅशच्या सरावाला चालतात. जाळीवरच्या नाजूक फटक्यांना ती वापरली तर ती डगमगत येतात आणि हाताला खोटी सवय लागते.

पुढच्या खेळाडूच्या तीन चुका या चित्रात सापडतील. पहिली, तो जाळीला फार चिकटलाय. तिथून त्याला फक्त जाळीवर पडणारं शटल मिळेल, सपाट ड्राइव्ह कानाजवळून जाईल. जागा हवी छोट्या सर्व्हिसच्या रेघेमागे एक पाऊल. दुसरी, फटका मारून झाल्यावर रॅकेट मांडीपर्यंत खाली. पुढचं शटल अर्ध्या सेकंदात येणार आहे, ती वर आणायला वेळ कुठून आणणार? तिसरी, हात पूर्ण फिरवून मारणं. सपाट मारामारीत कोपर अंगापुढे, पकड आखूड आणि जोर बोटांच्या आवळण्यातून. हात फिरला की फटका जोरदार जातो खरा, पण परत आलेल्या शटलला हा माणूस गैरहजर.

(दृश्य : एका बाजूला तिघं, दुसऱ्या बाजूला दोघी.)

तिघांचा हल्ला, दोघींचा बचाव. मागे दोन, पुढे एक, शटल पडेपर्यंत थांबायचं नाही. इथे मधली रेघ बघा. दोघींच्या बरोबर मध्ये स्मॅश आला तर घ्यायचा कोणी? ठरलेलं नसेल तर दोन्ही रॅकेट पुढे येतात, नाहीतर एकही येत नाही. सर्वसाधारण नियम असा : मारणाऱ्याच्या समोर सरळ रेषेत असलेलीनं आपली बाजूची रेघ सांभाळायची, तिरप्या बाजूच्या खेळाडूनं मध्य घ्यायचा. तिला शटल तिरपं येताना दिसतं, क्षणभर जास्त वेळ मिळतो. हे फळ्यावर दोन मिनिटांत समजतं. अंगात भिनायला मात्र तेच दोघं, तोच कोर्ट, पुन्हा पुन्हा.

आणि उचललेलं शटल कुठे पडतंय तेही बघा. मागच्या ७६ सेंटिमीटरच्या पट्ट्यात पडलं, तर स्मॅश लांबून आणि आडवा येतो, परतवता येतो. मीटरभर आखूड पडलं तर तोच स्मॅश उभा, पायांवर. दम संपला की उचल आखूड होते. बचाव हरतो तो मनगटाच्या आधी मांड्यांमध्ये.

जपानच्या महिला दुहेरीची ओळख ठरलेला न थकणारा बचाव या असल्या तासांतून आला.

(दृश्य : बीजिंग, लंडन, दिल्ली. वेगानं.)

२००८, बीजिंग. महिला दुहेरीत जपानच्या सुएत्सुना आणि माएदा या जोडीनं उपांत्यपूर्व फेरीत चीनच्या अग्रमानांकित, गतविजेत्या यांग वेई आणि झांग जिएवेन यांना बाहेर काढलं. शेवटी चौथं स्थान. २०१२, लंडन. फुजी आणि काकिइवा यांचं रौप्य, जपानचं बॅडमिंटनमधलं पहिलं ऑलिंपिक पदक. २०१४, आपली नवी दिल्ली. थॉमस चषकात, म्हणजे पुरुषांच्या सांघिक जागतिक स्पर्धेत, उपांत्य फेरीत चीनवर ३-०, अंतिम फेरीत मलेशियावर ३-२. जपाननं हा चषक पहिल्यांदाच उचलला.

(दृश्य : रिओ, २०१६. महिला दुहेरीचा अंतिम सामना, तिसरा गेम.)

मागे अयाका ताकाहाशी, पुढे मिसाकी मात्सुतोमो. शाळेपासूनची जोडी. समोर डेन्मार्कच्या क्रिस्तिना पेडरसन आणि कामिला रिटर यूल, दोघीही उंच. पहिला गेम डेन्मार्कचा, १८-२१. दुसरा जपानचा, २१-९. तिसऱ्यात जपान १६-१९ मागे. डेन्मार्कला दोन गुण हवेत.

(निवेदन थांबतं. पुढचे पाचही गुण मूळ आवाजात, पार्क यांच्या खुर्चीसकट.)

२१-१९. जपानचं बॅडमिंटनमधलं पहिलं ऑलिंपिक सुवर्ण.

पुढच्या वर्षी ग्लासगोच्या जागतिक स्पर्धेत नोझोमी ओकुहारानं आपल्या सिंधूला ११० मिनिटांच्या अंतिम सामन्यात हरवलं, तेव्हाही ती याच शिबिरांतून आलेली होती. २०१८मध्ये ३७ वर्षांनी महिलांचा सांघिक उबेर चषक परत आला. २०१८ आणि २०१९, लागोपाठ दोन जागतिक स्पर्धांत महिला दुहेरीचा अंतिम सामना जपान विरुद्ध जपान झाला. देशातल्या दोन जोड्या रोज एकमेकींवर घासल्या की काय होतं, याचा यापेक्षा मोठा पुरावा कोणाला हवा असेल तर कठीण आहे.

दुहेरीचा प्रशिक्षक देश बदलतो आणि निकाल बदलतात, हे आपल्याकडेही घडलं. मलेशियाचे तान किम हर भारतात आले, त्यांनी मुंबईचा चिराग शेट्टी आणि आंध्रचा सात्विकसाईराज रंकिरेड्डी या दोन उंच, दोन्ही मागून मारणाऱ्या मुलांना एकत्र उभं केलं. पुढे कोण जाणार हा प्रश्न होताच. तो सरावानं सुटला. हेच तान २०१९मध्ये जपानला, पार्क यांच्या हाताखाली पुरुष दुहेरी शिकवायला गेले. २०२१मध्ये जपानला पुरुष दुहेरीचं जगज्जेतेपद मिळालं, होकी आणि कोबायाशी यांच्याकडून.

टोकियो ऑलिंपिकमध्ये मात्र घरच्या कोर्टवर एकच कांस्य हाती आलं, पॅरिसला दोन.

(दृश्य : कोरियाचा संघ, कोर्टच्या कडेला पार्क.)

एप्रिल २०२५मध्ये कोरियानं पार्क यांना मुख्य प्रशिक्षक म्हणून परत बोलावलं. ऑगस्टमध्ये पॅरिसला जागतिक स्पर्धा झाली. पुरुष दुहेरी कोरियाच्या सेओ सुंग-जे आणि किम वोन-हो यांनी जिंकली. यातल्या किम वोन-होची आई म्हणजे गिल यंग-आ, अटलांटात पार्क यांना हरवून सुवर्ण नेणारी.