समुद्रघोडा, पाच मीटर फिल्म आणि दोन भांडखोर खलाशी

नमस्कार, श्रोतेहो. घरात माशांची काचेची टाकी असली, तर मासा हवा तेव्हा काचेजवळ येत नाही, हे तुम्ही जाणताच. आता टाकीऐवजी फ्रान्समधला आर्काशोंचा उपसागर डोळ्यांपुढे आणा. मासा आहे समुद्रघोडा. पाणघोडा नव्हे, बरं का! आणि काळ आहे १९३४च्या आसपासचा.

समुद्रघोड्यावर फिल्म करायला पाण्यात उतरलेत ज्याँ पँलवे. पॅरिसचे जीवशास्त्रज्ञ, वडील गणितज्ञ आणि फ्रान्सचे पंतप्रधानही. १९२८मध्ये स्टिकलबॅक माशाच्या अंड्यावरची त्यांची फिल्म विज्ञान अकादमीत दाखवली, तेव्हा एक शास्त्रज्ञ चिडून उठून गेले. सिनेमा हा त्यांच्या लेखी पोरखेळ!

पँलव्यांच्या हातात चावीवर चालणारा छोटा 'सेत' कॅमेरा, जलरोधक पेटीत बसवलेला, पुढे काच. फिल्म मावायची फक्त पाच मीटर. पाच मीटर म्हणजे किती? ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका मीटरात साधारण ५२ चौकटी, म्हणजे सगळ्या मिळून २६०. सेकंदाला २४ चौकटी धरा, अकरा सेकंदांत खेळ खलास. १६ धरल्या तरी सोळाच सेकंद. की लगेच वर या, पेटी उघडा, फिल्म भरा, चावी द्या, पुन्हा बुडी. बरं तर बरं, समुद्रघोडा मुळात मंद, शेपटीचा विळखा घालून एका जागी बसणारा.

आणि श्वास? तो नळीतून. वर होडीत दोन खलाशी पंपाचं चाक फिरवायचे. एकदा खाली हवाच येईना. पँलवे धडपडत वर आले, बघतात तर काय, चाक किती वेगानं फिरवायचं यावरून दोघांची जुंपलेली!

बाळंतपण मात्र टाकीत टिपायचं होतं. इथे बाळंत होतो नर. मादी त्याच्या पोटावरच्या पिशवीत अंडी घालते, पुढचं सगळं बाप बघतो. वेळ सांगून येत नाही, डुलकी लागली की क्षण गेला. म्हणून पँलव्यांनी टोपीच्या झापेला एक जुगाड बसवलं: मान कलली की विजेचा हलका झटका!

आता फिल्मच्या निवेदनाच्या लेखनाचं. ते एकाच चित्रीकरणातून तीन आवृत्त्या काढत, शास्त्रज्ञांसाठी वेगळी, विद्यार्थ्यांसाठी वेगळी, सर्वसामान्य प्रेक्षकांसाठी वेगळी. चित्र तेच, श्रोता बदलला की शब्द बदलले. हल्ली पडद्यावर मासा पोहत असतो आणि निवेदक सांगतो, 'मासा पोहत आहे.' अहो, दिसतंय आम्हाला! त्यावर पार्श्वसंगीत असं, की निवेदकही ऐकू येऊ नये.

समुद्रघोड्याच्या लोकांसाठीच्या फिल्मच्या शेवटी पँलव्यांनी एक खोडी काढली. समुद्रघोडे संथ तरंगताहेत आणि त्यांच्यामागे, त्याच पडद्यावर, खऱ्या घोड्यांची शर्यत धावतेय.