दोरीवरचं राज्य

कोया नावाचं हे डोंगरी गवत. भिजवायचं, दगडाने ठेचायचं आणि दोन तळव्यांत धरून पीळ द्यायचा. पेरूमध्ये अपुरिमाक नदीकाठच्या चार गावांतल्या बायका हे काम करतायत. प्रत्येक घराने आपल्या वाट्याची दोरी द्यायचीच.

बोटाएवढ्या या दोऱ्या पुरुष एकत्र वळतात, मग त्यांनाही पीळ. बघा, दोर ताणायला केवढी माणसं लागली आहेत! चार दोर पायाखाली, दोन हाताला. जूनमध्ये जुना पूल कापून नदीत सोडतात आणि नवा टांगतात. हाच केस्वाचाका, साधारण 30 मीटर लांब. यात एक खिळा नाही.

स्पॅनिश येण्याआधी इथे राज्य करणाऱ्या इंका राजांचे रस्ते असेच दऱ्या ओलांडत जायचे. आजच्या कोलंबियापासून चिलीपर्यंत, 30 हजार किलोमीटरहून जास्त. गाडी नाही, घोडा नाही, तरी राजधानी कुस्कोचा हुकूम वाळवंटातही चाले आणि बर्फाळ घाटातही. कारण राजा कर मागायचा तो श्रमात. मिता, म्हणजे पाळीची वेठ. पाळी आली की रस्त्यावर, शेतावर, नाहीतर लढाईवर जायचं. त्या दिवसांत खाणंपिणं राजाकडे, मक्याची चिचा दारूसुद्धा.

एवढ्यांना जेवू घालायचं तर साठा हवा. वानुको पाम्पा या इंका शहराजवळच्या उतारावर ही ओळीने दिसतात ती कोठारं. जवळजवळ 500.

आणि हिशोब? तोही दोरीवरच. किपू म्हणजे हिशोबाच्या गाठी मारलेल्या दोऱ्यांचा जुडगा. त्यातली ही लोंबती दोरी खालून वाचा. एकं, दहं, शतं. शून्य असेल तिथे जागा रिकामी. पाळी कोणाची, मका किती, सगळं गाठींत. आपण याला वही म्हणायला का बिचकतो, कळत नाही.

जिंकलेल्या मुलखावर स्थानिक सरदारच राहायचे, कुराका. त्यांची मुलं मात्र कुस्कोला शिकायला, आणि गावचे देवही तिथेच. खरं तर ओलीसच. जिंकलेल्या चिमू राज्यातले सोनार कुस्कोला नेले, कोचाबांबाच्या खोऱ्यात मका पिकवायला हजारो माणसं हलवली. घरं तुटली, राग साचला.

1532 मध्ये स्पॅनिश आले, तेव्हा इंकांनी जिंकलेल्या वांका लोकांचे सरदार त्यांना जाऊन मिळाले. लामा जनावरं दिली, मका दिला, माणसं दिली. 1561 मध्ये याच सरदारांनी लिमाच्या स्पॅनिश न्यायालयात त्या सगळ्याची भरपाई मागितली. पुरावा म्हणून पुढे ठेवला तो किपूचा हिशोब.