मुद्रांक शुल्काच्या वादात आधी तारीख बघा

विषय जाहीर झालाय तो ‘कमी मुद्रांक शुल्काची नोटीस आली तर’. त्यावर येतोच. पण समोर निम्मे वकील आणि निम्मे सोसायट्यांचे सचिव बसलेले असताना एक गोष्ट आधी सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. पक्षकार येतो तो रकमेबद्दल बोलायला: किती भरले, किती मागतायत. निकाल मात्र फार वेळा तारखेवर लागतो. म्हणून दस्त हातात आला की आकडा नंतर वाचा. पहिल्या पानावरची तारीख, ई-चलनाची, सह्यांची आणि सूची क्रमांक २ (नोंदणी कार्यालयातून मिळणारा दस्ताचा उतारा) वरची, या चार तारखा आधी उतरवून घ्या.

काय फरक पडतो ते बघा. मुंबईतल्या एका फ्लॅटच्या करारावर २७,३४,५०० रुपये मुद्रांक शुल्क भरलं गेलं. पुढे व्यवहार मोडला. रद्दलेखावर, म्हणजे करार रद्द करणाऱ्या दस्तावर, सह्या झाल्या १७ मार्च २०१५ ला, नोंदणी झाली २८ एप्रिलला. आणि मधेच, २४ एप्रिलला, महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमाचं कलम ४८ बदललं. परताव्याचा अर्ज करायला रद्दलेखाच्या नोंदणीपासून दोन वर्षं मिळायची, ती सहा महिन्यांवर आली. अर्ज गेला ऑगस्ट २०१६ मध्ये. जुन्या मुदतीत बसणारा, नव्या मुदतीबाहेरचा. मुख्य नियंत्रक महसूल प्राधिकाऱ्यांनी (मुद्रांक शुल्काचे राज्यातले वरिष्ठ अधिकारी) आधी परतावा मंजूर केला, मग तो आदेश मागे घेतला. उच्च न्यायालयात खरेदीदार हरले. अखेर २४ जानेवारी २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की परताव्याचा हक्क रद्दलेखावर सही झाली त्याच दिवशी मिळाला, नंतरच्या दुरुस्तीने तो काढून घेता येत नाही.

चार दिवस उशिरा झालेली नोंदणी, आणि त्यापायी जवळपास दहा वर्षं! मला याचा राग येतो, आणि तो मी लपवत नाही. घर हातचं गेलेलं कुटुंब त्या सहा महिन्यांत बिल्डरकडून आपले पैसे सोडवत असतं. जो व्यवहार झालाच नाही, त्याचं शुल्क तेवढ्या वेळात मागितलं नाही तर सरकारजमा. उलट बाजूने, शुल्क बरोबर भरल्याचं प्रमाणपत्र मिळालं तरी कलम ५३-अ खाली सरकार ते सहा वर्षांपर्यंत पुन्हा तपासू शकतं. सरकारला सहा वर्षं आणि नागरिकाला सहा महिने. ही मुदत पुन्हा दोन वर्षं व्हायला हवी, आणि ती मागणी वकील संघटनांनी लावून धरली पाहिजे.

तोपर्यंत काय करायचं? रद्दलेखावर सही आणि त्याची नोंदणी एकाच दिवशी करा. ताबा घेतलेला नाही हे त्यात स्पष्ट लिहा, कारण ताबा घेतल्यावर परतावा अडतो. मूळ करार, दोन्ही दस्तांची सूची क्रमांक २ आणि चलन एका फाइलमध्ये ठेवा आणि अर्ज पहिल्याच महिन्यात करा.

मार्चअखेरचंही सांगतो, कारण दुय्यम निबंधक कार्यालयातली ती गर्दी बरीचशी टाळता येते. १ एप्रिलला रेडी रेकनर, म्हणजे मालमत्तेच्या सरकारी दरांचा तक्ता, बदलतो, पण दर लागतो सहीच्या दिवसाचा. शुल्क ३१ मार्चपर्यंत भरलं आणि सगळ्यांच्या सह्या तोवर झाल्या, तर नोंदणीला कायद्याने चार महिने आहेत. घोटाळा होतो तो असा: मसुद्यात ‘दिनांक __ मार्च’ ही जागा कोरीच राहते, एक भाऊ ३० मार्चला सही करतो, दुसरा गावाहून येऊन ५ एप्रिलला. मग निष्पादन, म्हणजे सह्या होऊन दस्त पुरा होणं, कधीचं, यावर वाद.

वेळ संपत आल्याची चिठ्ठी आली आहे. नोटिशीचं भराभर सांगतो.

नोटीस आली की आधी दस्त कायद्याच्या दरसूचीतल्या कोणत्या अनुच्छेदात धरलाय ते बघा. १० डिसेंबर १९८५ पूर्वीचा फ्लॅटचा करार पाच रुपयांच्या मुद्रांकावर असेल, तर तो तेव्हाच्या कायद्याप्रमाणे आहे का, हा तुमचा पहिला मुद्दा. त्या तारखेपासून ताबा देणारा करार खरेदीखतासारखा धरला जातो. ताबा पुढे देण्याचं नुसतं कबूल केलेलं असलं तरी चालतं, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये ठरवलंय. दुसरं, मूल्यांकनात वर्ष, विभाग आणि इमारतीचं वय बरोबर घेतलंय का. जुन्या इमारतीचा घसारा सुटला की मागणी फुगते.

दंड दरमहा दोन टक्के, तोही सहीच्या तारखेपासून. ४०,००० रुपये कमी पडले असतील तर महिन्याला ८००, दहा वर्षांत ९६,०००. कमाल मर्यादा कमी पडलेल्या रकमेच्या चौपट. त्यामुळे शुल्क खरोखरच कमी असेल तर भांडत बसू नका, भरून मोकळे व्हा. नसेल, तर सुनावणीला लेखी म्हणणं द्या, आदेशाची प्रत कोणत्या दिवशी मिळाली ते नोंदवा आणि साठ दिवसांत अपील करा.

वकिलांसाठी शेवटचं. समोरच्याचा दस्त अपुऱ्या मुद्रांकाचा असेल तर हरकत दस्ताला निशाणी (पुराव्याचा क्रमांक) पडण्याआधी घ्या. एकदा तो पुराव्यात दाखल झाला की कलम ३५ आड येतं, आणि त्याच दाव्यात मुद्रांकाचा मुद्दा पुन्हा काढता येत नाही.